रविवारचें जेवण आणि तीन बहिणी

आज मी तुम्हांला एका घरच्या रविवारच्या जेवणाची हकीकत सांगणार आहें. हें घर आपल्या मुलखांतलें नव्हे. तें तैवान बेटाच्या राजधानींत, तैपेई शहरांत आहे. घरांत चू नांवाचे एक वयोवृद्ध विधुर गृहस्थ आणि त्यांच्या तीन मुली राहतात. मुली चांगल्या जाणत्या वयाच्या आहेत. दोघी मिळवत्या आहेत, धाकटी अजून शिकत आहे. लग्न मात्र एकीचेंही झालेलें नाहीं. चू हे शहरांतील नामांकित आचारी. दर रविवारीं ते घरच्या स्वयंपाकघरांत उभे राहतात, जिवंत मासा पकडून साफ करतात, कोंबडी निवडतात, कणकेच्या पातळ पारींत सारण भरून आपल्या मोदकासारख्या चुण्या पाडतात, आणि चार माणसांच्या जेवणासाठीं एखाद्या लग्नघरासारखा बेत सिद्ध करतात. मग मुली टेबलाभोंवतीं येऊन बसतात. पदार्थ एकाहून एक सरस असतात; परंतु जेवणारांपैकीं कोणाचेंच लक्ष ताटांत नसतें.

ही हकीकत 'ईट ड्रिंक मॅन वुमन' या चिनी भाषेंतील बोलपटांतली आहे. तो १९९४ सालीं प्रकाशित झाला. त्याचे दिग्दर्शक आंग ली. पुढें २०१२ सालीं पुदुच्चेरीच्या एका मुलाची कथा सांगणारा 'लाइफ ऑफ पाय' हा बोलपट ज्यांनीं काढला, तेच हे गृहस्थ. म्हणून हें नांव आपल्याकडेही पुष्कळांच्या परिचयाचें आहे. बोलपटाचें नांव 'लीजी' या चीनच्या प्राचीन आचारग्रंथावरून घेतलेलें आहे. खाणेंपिणें आणि स्त्रीपुरुषांची परस्परांविषयींची ओढ या माणसाच्या मूळच्या वासना होत, असा त्याचा भावार्थ. बोलपट पाहतांना मनुष्य पुष्कळ हंसतो, आणि हंसतां हंसतां मध्येंच गप्प होतो. अमेरिकेंतील ऑस्कर पारितोषिकासाठीं परकी भाषेंतील उत्कृष्ट बोलपट म्हणून त्याचें नामांकन झालें होतें.

मीं आयुष्यभर शाळेंत इतिहास शिकविला. तह, लढाया आणि सनावळ्या मुलांकडून घोकून घेतल्या. माझ्या थोरल्या मुलीनें एका रविवारीं मला हा बोलपट दाखविला, तेव्हां माझ्या मनांत आलेले प्रश्न शिक्षकी थाटाचेच होते. हा मनुष्य या शहरांत आला कोठून? आणि त्याच्या मुली अशा कां झाल्या? या दोन प्रश्नांचीं उत्तरें इतिहासांत सांपडतात. आणि तीं सांपडलीं म्हणजे तिघी बहिणींच्या प्रेमप्रकरणांचा गुंता निराळाच दिसूं लागतो.

प्रथम बापाकडे वळूं. तैवान बेट १८९५ सालीं शिमोनोसेकीच्या तहानें चीनकडून जपानकडे गेलें आणि दुसरें महायुद्ध संपल्यावर १९४५ सालीं पुन्हां चिनी अंमलाखालीं आलें. लवकरच चीनमधील यादवींत च्यांग काय-शेक यांच्या पक्षाचा पराभव झाला. १९४९ सालीं त्यांचें सरकार, सैन्य, कचेऱ्या, इतकेंच काय पण राजवाड्यांतील जुनीं चित्रें आणि भांडीं देखील या बेटावर येऊन दाखल झालीं. बेटाची मूळची वस्ती त्या सुमारास ६० लाखांच्या आसपास होती. तींत १२ ते २० लाख नव्या माणसांची भर पडली. त्यांत सैनिक होते, कारकून होते, शाळामास्तर होते, आणि आचारीही होते.

या लोकांची समजूत अशी कीं, हा मुक्काम थोड्या दिवसांचा आहे. आज ना उद्यां आपण आपल्या गांवीं परत जाऊं. वर्षें लोटत गेलीं. १९७१ सालीं संयुक्त राष्ट्रसंघांतील जागा हातची गेली. १९७९ च्या आरंभीं अमेरिकेनेंही पेकिंगच्या सरकारला मान्यता दिली. २० मे १९४९ पासून अमलांत आलेला लष्करी कायदा १५ जुलै १९८७ पर्यंत, म्हणजे ३८ वर्षें, चालू राहिला. त्याच १९८७ सालच्या अखेरीस जुन्या माणसांना समुद्रापलीकडच्या नातलगांच्या भेटीस जाण्याची मोकळीक मिळाली; परंतु तोंपर्यंत कित्येकांचे आईबाप मरून गेले होते. ज्यांनीं विशींत गांव सोडला होता, ते साठीच्या घरांत पोंचले होते.

असा मनुष्य बरोबर काय आणूं शकतो? जमीन आणतां येत नाहीं, घर आणतां येत नाहीं, वाडवडिलांचीं थडगीं आणतां येत नाहींत. हातांतली कला मात्र कोणी काढून घेत नाहीं. सेच्वान, हुनान, शांघाय, कँटन, पेकिंग अशा दूरदूरच्या प्रांतांचे स्वयंपाकी तैपेईंत एकमेकांचे शेजारी झाले. चू ज्या भव्य हॉटेलांत मुख्य आचारी म्हणून वावरतांना दिसतात, तें ग्रँड हॉटेल १९५२ सालीं सुरू झालें. त्याची लाल खांबांची आणि सोनेरी छपराची राजवाड्यासारखी १४ मजली इमारत १९७३ सालीं पुरी झाली. हरवलेल्या देशाचा थाट परक्या बेटावर उभा करण्याचा तो एक प्रयत्न होता. पण बोलपटांतील वृद्ध आचाऱ्यांच्या बोलण्यांत एक खंत डोकावते: इतक्या वर्षांत सर्व प्रांतांच्या चवी एकमेकींत मिसळून गेल्या, आतां कोणतीच निराळी ओळखूं येत नाहीं.

आतां घराकडे येऊं. चिनी कुटुंबाची जुनी घडी बापाकडून मुलाकडे जाणारी. पितरांच्या नांवाच्या पाट्यांपुढें धूप जाळण्याचा अधिकार मुलाचा. मुलगी ती परक्या घरची. हें आपल्या श्रोत्यांना समजावून सांगावयास नकोच. चीनच्या प्रजासत्ताक सरकारनें १९३० सालीं केलेला आणि १९३१ पासून अमलांत आलेला कौटुंबिक कायदा मुलींना वारशांत मुलांच्या बरोबरीचा वाटा देतो, आणि तोच कायदा पुढें तैवानांत आला. परंतु कायद्यानें दिलेला वाटा मुलींनीं भावांच्या नांवें सोडून द्यावयाचा, ही वहिवाट त्यानंतरही पुष्कळ वर्षें चालत राहिली. 'हक्कसोडपत्र' हा शब्द ज्यांच्या कानांवरून गेला आहे, त्यांना याचें नवल वाटणार नाहीं.

चू यांना मुलगाच नाहीं. मागें पितरांचा गांव राहिला नाहीं, आणि पुढें नांव चालवावयास मुलगा नाहीं. जुन्या हिशेबानें पाहिलें तर हें घर दोन्ही टोकांना तुटलेलें आहे. रविवारचें जेवण हा त्यांच्या हातीं उरलेला एकच विधि. म्हणून तो ते इतक्या कर्मठपणें पाळतात, आणि म्हणूनच मुलींना तो जाचतो.

या मुली कोणत्या काळांत वाढल्या, तेंही पाहिलें पाहिजे. १९६६ सालीं दक्षिणेकडील काऊशुंग बंदरांत परदेशीं माल धाडणाऱ्या कारखान्यांसाठीं खास क्षेत्र उघडण्यांत आलें; तेथें हजारों तरुण मुली कामाला लागल्या आणि पहिल्यानेंच मुलीचा पगार घराच्या हिशेबांत दिसूं लागला. १९६८ पासून मोफत शिक्षणाची मुदत ६ वर्षांवरून ९ वर्षांवर नेण्यांत आली. १९५१ सालीं त्या बेटावर एका स्त्रीमागें सरासरी सुमारें ७ मुलें होत. १९९४ पर्यंत हें प्रमाण २ च्याही खालीं उतरलें. १९८४ सालीं तैपेईंत मॅक्डोनल्डचें पहिलें दुकान निघालें आणि उभ्या उभ्या खाण्याची नवी रीत रुजली. एका पिढीच्या आंत एवढे पालट झाले. चू यांच्या मुली या पालटांच्या लेकी आहेत.

थोरली ज्या-जन शाळेंत रसायनशास्त्र शिकविते. आई गेल्यावर धाकट्या बहिणींना तिनें आईच्या मायेनें सांभाळलें. ती ख्रिस्ती झालेली आहे, स्वभावानें शिस्तीची आहे, आणि घरांत सर्वांची अशी समजूत आहे कीं, कॉलेजांत असतांना ली काय नांवाच्या तरुणानें तिचा प्रेमभंग केला, म्हणून ती लग्नाला तयार नाहीं. मधली ज्या-च्येन एका विमान कंपनींत मोठ्या हुद्द्यावर आहे. तिचें एका चित्रकाराशीं जुळलेलें आहे. पण तें कोठें जावयाचें याचा दोघांनाही पत्ता नाहीं. धाकटी ज्या-निंग विशींतली. ती शिकतां शिकतां एका अमेरिकन धर्तीच्या खाद्यगृहांत काम करते. बाप चिनी पाककलेचा आचार्य, आणि मुलगी हॅम्बर्गरें विकते!

येथून गुंत्याला सुरुवात होते. धाकटीची एक मैत्रीण आपल्या प्रियकराला उगाच झुलवत ठेवते. त्या दुःखी तरुणाचें समाधान करतां करतां धाकटीच त्याच्या प्रेमांत पडते. थोरलीला शाळेंत निनांवी प्रेमपत्रें येऊं लागतात. तीं वाचून ही कोरडी दिसणारी बाई मनांतून फुलते. एके दिवशीं ती नटूनथटून शाळेंत जाते, आणि मग कळतें कीं, तो सारा वात्रट विद्यार्थ्यांचा खेळ होता. मी स्वतः शिक्षक. हा प्रसंग मला पाहवला नाहीं. परंतु याच गोंधळांत शाळेचा व्हॉलीबॉलचा शिक्षक मिंग-ताव तिच्या जवळ येतो. इकडे मधलीच्या कचेरींत एक नवा हुशार अधिकारी येतो. त्याचें नांव ली काय! बहिणीचें आयुष्य नासणारा तो हाच, असें समजून मधली त्याला जाब विचारते, तर तो चकित होतो. थोरलीशीं त्याची फारशी ओळखही नव्हती. त्याचें प्रेम होतें तें थोरलीच्या मैत्रिणीवर. म्हणजे ज्या प्रेमभंगावर थोरलीनें आपलें सारें तारुण्य टेकवून ठेवलें होतें, तो प्रेमभंग तिनें स्वतःच रचलेला होता. बहिणींचा भार वाहण्यासाठीं, आणि कदाचित् भिऊन राहण्यासाठीं, तिला एक सबब हवी होती.

मधलीची कथा याहून खोल आहे. लहानपणीं ती बापाच्या स्वयंपाकघरांतच वाढली. आचाऱ्यांच्या पायांत घुटमळत तिनें ती विद्या आपसुक उचलली. तिला तेंच काम करावयाचें होतें. पण बापानें तिला स्वयंपाकघरांतून बाहेर काढलें आणि अभ्यासाला बसविलें. आपल्या धंद्यांतले कष्ट मुलीच्या वाट्याला येऊं नयेत, तिनें शिकून मोठें व्हावें, हा त्याचा हेतु. मुलीच्या मनांत मात्र एवढेंच राहिलें कीं, बापानें आपल्याला दाराबाहेर घातलें. तेव्हांपासून दोघांचें बोलणें म्हणजे पदार्थांच्या चवीवरून उडणाऱ्या चकमकी. घर सोडून जाण्याची घाई तिलाच सर्वांहून अधिक. सांठवलेले सारे पैसे घालून ती स्वतंत्र जागा घेते. तो व्यवहार फसतो आणि पैसे बुडतात. चित्रकार दुसरीशींच लग्न ठरवून मोकळा होतो. कंपनी तिला ॲम्स्टरडॅमला बढतीवर पाठवावयास निघते. आणि जाण्याची संधि दारांत येऊन उभी राहते तेव्हां तिचा पाय अडखळतो.

श्रोतेहो, या बोलपटांत महत्त्वाची प्रत्येक गोष्ट जेवणाच्या टेबलावर सांगितली जाते. कोणीतरी घांस खालीं ठेवतें आणि म्हणतें, "मला कांहीं सांगायचें आहे." मधली आपल्या जागेची बातमी तेथेंच सांगते. धाकटी आपल्याला मूल होणार असल्याचें तेथेंच सांगून त्या तरुणाच्या घरीं निघून जाते. थोरली आपलें लग्न होऊन गेल्याचें तेथेंच जाहीर करते. दर खेपेस टेबलाभोंवतींची एक खुर्ची रिकामी होते, आणि पदार्थ मात्र तितकेच राहतात. प्रेक्षक हंसतो, पण त्याच्या ध्यानांत येतें कीं, या घरांत माणसें एकमेकांशीं कधीं बोललींच नाहींत. त्यांनीं फक्त एकमेकांना जेवूं घातलें.

आणि बापाचें काय? या थोर आचाऱ्याची जीभ बोथट झालेली आहे. त्याला चवच कळत नाहीं. हॉटेलांत त्यांचा जुना मित्र वेन त्यांच्यासाठीं पदार्थ चाखतो आणि मीठमसाल्याचा निवाडा देतो. एका रविवारीं घरचें जेवण चालू असतांनाच हॉटेलांतून तांतडीचें बोलावणें येतें. मोठ्या मेजवानीसाठीं आणलेले शार्क माशाचे पर वाईट निघालेले असतात. चू धांवत जाऊन बिघडलेल्या पदार्थाला निराळेंच रूप देतात आणि सर्वांची अब्रू राखतात. परक्यांच्या मेजवानीवरचें संकट त्यांना क्षणांत निवारतां येतें. घरच्या टेबलावरची मुकी तेढ त्यांना उलगडत नाहीं. पुढें वेन वारतो, आणि चू यांची उसनी घेतलेली जीभही जाते.

या सर्व उदासींत एक गोड उपकथा आहे. शेजारीं जिन-रुंग नांवाची एक तरुण स्त्री राहते. ती थोरलीची मैत्रीण. नवऱ्यापासून घटस्फोट घेणारी. तिला शान-शान नांवाची शाळेंत जाणारी मुलगी आहे. आईला स्वयंपाक बेताचाच येतो. चू गुपचूप त्या मुलीसाठीं डबा करून शाळेंत नेऊं लागतात. डबा असा कीं, सारा वर्ग तोंडाला पाणी सुटून पाहत राहतो आणि पोरें आपापल्या फर्मायशी सांगूं लागतात. आईनें दिलेला बेचव डबा मात्र चू स्वतः मुकाट्यानें खाऊन टाकतात. दरम्यान जिन-रुंगची आई, श्रीमती ल्यांग, अमेरिकेहून परत येते. ही बाई भारी बडबडी, सिगारेट ओढणारी. सर्वांची खात्री होते कीं, आतां ही विधवा आणि हे विधुर यांचें जुळणार. श्रीमती ल्यांग यांची तर सर्वांहून अधिक खात्री!

शेवटीं चू सगळ्यांना एका मोठ्या जेवणाला बोलावतात. मुली येतात, जांवई येतात, शेजारच्या मायलेकी आणि आजी येतात. आणि या वेळीं "मला कांहीं सांगायचें आहे" हें वाक्य खुद्द बापाच्या तोंडून निघतें. चू दारूचा घोट घेऊन उभे राहतात आणि आपण लग्न करणार असल्याचें सांगतात. पण श्रीमती ल्यांग यांच्याशीं नव्हे, त्यांच्या मुलीशीं, जिन-रुंगशीं! श्रीमती ल्यांग मूर्च्छित पडतात आणि टेबलावर जो हाहाकार उडतो, तो वर्णन करून सांगण्याजोगा नाहीं, तो पाहावाच.

यावर आपल्याकडच्या सुजाण घरांत दोन प्रकारचे आक्षेप निघतील, याची मला कल्पना आहे. एक पक्ष म्हणेल कीं, मुली स्वैर झाल्या, बापही त्यांच्या मागें गेला, आणि एक चांगलें घर मोडलें. दुसरा पक्ष म्हणेल कीं, जुनें बंधन तुटलें हें उत्तमच झालें. मला दोन्ही मतें अपुरीं वाटतात. मोडलें काय, आणि उरलें काय, याचा हिशेब शेवटच्या प्रसंगांत आहे.

शेवटच्या प्रसंगांत जुनें घर ओस पडलें आहे. धाकटी आणि थोरली आपापल्या संसारांत आहेत, आणि बापाचाही नवा संसार सुरू झाला आहे. रविवार आहे. स्वयंपाकघरांत मधली उभी आहे. जिला घर सोडण्याची सर्वांहून अधिक घाई होती, तीच मागें राहून बापाची सुरी आणि बापाचीं पातेलीं हाताळीत आहे. जेवायला येतात ते एकटे चू. मुलगी त्यांना सुपाचा वाडगा देते. ते एक घोट घेतात, नेहमींच्या संवयीनें कांहीं खोड काढूं लागतात, आणि मध्येंच थबकतात. खोड काढतां आली याचा अर्थ चव लागली! जीभ परत आली. दोघें एकमेकांचे हात धरतात. तो तिला मुलगी म्हणून हांक मारतो, ती त्याला बाप म्हणून हांक मारते. एवढेंच. बोलपट तेथें संपतो.

इतिहासाच्या विद्यार्थ्याला यांत काय दिसावें? पितरांचा गांव गेला होता, तो परत आला नाहीं. मुलगा नव्हता, तो झाला नाहीं. पण वारसा पुढें गेला. तो सक्तीच्या विधीनें गेला नाहीं, आणि ज्या मुलीला दाराबाहेर घातलें होतें तिच्याच हातीं गेला. चिनी पाककलेंतील मोठ्या आचाऱ्यांची परंपरा ही पुरुषांची परंपरा. ती येथें एका मुलीनें आपखुषीनें उचलली. ज्या रविवारच्या टेबलाला तिघीही कंटाळल्या होत्या, त्याच टेबलावर येऊन प्रत्येकीनें आपलें सत्य सांगितलें. कोणीही चिठ्ठी लिहून पळून गेली नाहीं. तें टेबल नसतें तर सत्य सांगावयास जागाच उरली नसती. घराची जुनी घडी मोडली हें खरें, पण ती मोडल्याचें एकमेकांना तोंडावर सांगतां आलें, म्हणून नातीं मोडलीं नाहींत. या बोलपटाचें सार मला तरी हेंच वाटतें.

हें सारें दिग्दर्शकाला पुस्तकांतून कळलेलें नव्हतें. आंग ली यांचा जन्म १९५४ सालीं तैवानांत झाला. त्यांचे वडील मुख्य भूमीवरून आलेल्या पिढींतले. ताइनान येथील नामांकित हायस्कूलचे ते मुख्याध्यापक होते. आणि मुख्याध्यापकांचा हा मुलगा कॉलेजच्या प्रवेशपरीक्षेंत दोनदां नापास झाला! पुढें तो नाट्यशाळेंत गेला, हेंही वडिलांना रुचलें नाहीं. नंतर अमेरिकेंत शिक्षण पुरें केल्यावरही सहा वर्षें त्यांना काम मिळालें नाहीं. पत्नी शास्त्रज्ञ, ती नोकरी करी, आणि हे घरीं राहून मुलाला सांभाळीत, स्वयंपाक करीत आणि कथा लिहीत. १९९० सालीं तैवान सरकारच्या पटकथा-स्पर्धेंत त्यांच्या दोन कथांना बक्षिसें मिळालीं. त्यांतून १९९१ सालीं 'पुशिंग हँड्स' आणि १९९३ सालीं 'द वेडिंग बँक्वेट' हे बोलपट निघाले. तिसरा आपला हा. तिन्हींत म्हाताऱ्या बापाची भूमिका एकाच नटानें केली आहे. सीहुंग लुंग हें त्याचें नांव. हा नट स्वतः १९४९ च्या पिढींतला, सैन्याबरोबर बेटावर आलेला. म्हणून त्या चेहऱ्यावरचें मौन उसनें वाटत नाहीं.

या कथेचें पुढें काय झालें, तेंही सांगतों. १९९५ सालीं आंग ली यांनीं जेन ऑस्टिनच्या 'सेन्स अँड सेन्सिबिलिटी' या इंग्रजी कादंबरीवर बोलपट काढला. त्यांतही बहिणीच आहेत, त्यांतही प्रेमाचा गुंता आणि घराचा प्रश्न आहे. इंग्लंडमधल्या त्या जुन्या खेडवळ घराची नाडी तैवानच्या माणसाला बरोबर सांपडली. २००१ सालीं याच आचाऱ्याची कथा 'टॉर्टिया सूप' या नांवानें अमेरिकेंत नव्यानें काढण्यांत आली. तेथें बाप मेक्सिकन वंशाचा, शहर लॉस एंजल्स, आणि टेबलावरचे पदार्थ निराळे. तीन मुली मात्र तशाच राहिल्या. जेथें जेथें लोक आपला गांव सोडून दुसरीकडे रुजले आहेत, तेथें तेथें ही कथा समजते.

आतां थोडें घरचें बोलतों. बोलपट संपल्यावर माझी थोरली मुलगी कांहीं वेळ गप्प बसली. ती शहरांत एका कचेरींत चांगल्या जागेवर आहे. मग ती म्हणाली, "अण्णा, मला तुमच्यासारखी शाळेंत शिकवायची नोकरी हवी होती. तुम्हींच म्हणालांत, मास्तरकींत काय ठेवलंय." तें मीं म्हटलें होतें, हें खरें. महिन्याच्या अखेरीस उसनवारी करणारा मी. माझ्या मुलीनें तेंच करूं नये, एवढाच माझा हेतु होता. तिला मात्र वाटलें कीं, बापानें आपल्याला त्याच्या आवडत्या जागेंतून घालवून दिलें. वीस वर्षें ती हें मनांत वागवीत होती, आणि मला पत्ता नव्हता. त्या दिवशीं मला उत्तर सुचलें नाहीं. मी चहा ठेवावयास उठलों.

पुढच्या रविवारीं ती जेवायला आली तेव्हां मीं ताटावर बसल्या बसल्याच तिला सांगितलें कीं, माझें चुकलें. साधें वाक्य, परंतु तें बोलतांना माझा घसा कोरडा पडला. मुलीनें कांहीं भाष्य केलें नाहीं. आमटीचें भांडें तिनें माझ्यापुढें सरकवलें, आणि आमटींत मीठ कमी आहे असें म्हणाली. मीठ खरोखरच कमी होतें.

श्रोतेहो, तुमच्या घरीं थोरली असेल, मधली असेल, धाकटी असेल. त्या आतां आपापल्या संसारांत किंवा नोकरींत गुंतल्या असतील, आणि सणावारीं जेवायला येत असतील. त्यांच्या आवडीचे पदार्थ तुम्हीं अगत्यानें कराल, यांत शंका नाहीं. त्या जेवणांत एखादीनें हातांतला घांस खालीं ठेवला आणि "मला कांहीं सांगायचें आहे" असें म्हटलें, तर वाढणें क्षणभर थांबवा आणि तिचें पुरतें ऐकून घ्या. आणि सांगण्यासारखें कांहीं तुमच्याही मनांत असेल, तर तें पुढच्या सणावर लोटूं नका. इतकें सांगून मी आपली रजा घेतों.